मौनाचा वारसा

संकेश्वरहून आंबोलीकडे जाणाऱ्या रस्त्यावर, हिरण्यकेशीच्या काठी वसलेले आजरा हे कोल्हापूर जिल्ह्याच्या दक्षिण भागातले तालुक्याचे गाव. घनसाळ तांदळासाठी आणि रामतीर्थासाठी ते सर्वपरिचित आहे. या परिसरातल्या कोणत्याही जुन्या घरात घटकाभर बसले, की बोलण्याच्या ओघात एखादे साल येतेच. ते शतकासह येत नाही. ‘बेचाळीसला’, ‘अठ्ठेचाळीसला’, ‘सत्तावन्नला’, ‘पंचाहत्तरला’, ‘ब्याऐंशीला’ एवढेच म्हटले जाते आणि घरातल्यांना ते पुरते. इतिहासाच्या पुस्तकातली सनावळी पाठ करावी लागते, घरातली सनावळी अंगवळणी पडलेली असते. त्या सालापूर्वीचे घर आणि त्या सालानंतरचे घर, अशी कुटुंबाच्या आयुष्याची विभागणी झालेली असते. राजकीय उलथापालथ दिल्लीत, मुंबईत वा एखाद्या राजधानीत घडते. तिचा हिशेब मात्र माजघरात ठेवला जातो आणि तो पिढ्यान्‌पिढ्या चालतो.

हा हिशेब कसा ठेवावा, याचे एक उदात्त उदाहरण याच मातीतले आहे. आजरा ज्या इचलकरंजी जहागिरीत होते, त्या जहागिरीचे अधिपती घोरपडे म्हणवले जात. मूळ आडनाव मात्र जोशी. छत्रपती राजाराम महाराजांच्या काळात औरंगजेबाचा वरवंटा महाराष्ट्रावर फिरत असताना कोकणातून आलेल्या नारो महादेव जोशी यांना सेनापती कापशीच्या घोरपड्यांनी आश्रय दिला. संताजी घोरपड्यांनी त्यांना पुत्रवत वाढवले, पराक्रमाची संधी दिली, इनाम दिले. त्या ऋणाची आठवण म्हणून नारो महादेवांनी आपल्या धन्याचे आडनाव आपल्या घराला लावले. पुढे हे घराणे पेशव्यांचे सोयरे झाले, बाळाजी विश्वनाथांची कन्या अनुबाई त्यांच्या घरी आली. तरी आडनाव घोरपडेच राहिले. एका ब्राह्मण घराण्याने एका मराठा घराण्याचे नाव अभिमानाने मिरवले. एका भयंकर कालखंडाची स्मृती त्या घराने कृतज्ञतेच्या रूपाने जतन केली आणि ती रोजच्या सहीत उतरवली.

अशी सांगितली जाणारी, मिरवली जाणारी साले या भागात आणखीही आहेत. बेचाळीसच्या डिसेंबरात शेजारच्या गारगोटीला सरकारी खजिन्यावर चाल करून गेलेल्या तरुणांनी हौतात्म्य पत्करले. त्यांचे स्मारक आहे आणि घराघरांत त्यांची कथा आहे. सत्तावन्न हे कुळांचे साल. १ एप्रिल १९५७ या ‘कृषक दिना’ला कसणारे कूळ कायद्याने जमिनीचे खरेदीदार ठरले. ब्याऐंशी हे गिरणीतल्या माणसांचे साल. आजरा, गडहिंग्लज, चंदगड, भुदरगड या तालुक्यांतून मुंबईला गेलेल्या हजारो हातांचा रोजगार १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या संपात गेला तो कायमचा. त्या घरांतली नातवंडेही आज संपाच्या गोष्टी सांगू शकतात.

या साऱ्या सनावळीत एकच साल असे आहे, की ते उच्चारताना आवाज खाली जातो. ते म्हणजे अठ्ठेचाळीस.

३० जानेवारी १९४८ रोजी दिल्लीत प्रार्थनेला निघालेल्या महात्मा गांधींची नथुराम गोडसे याने गोळ्या झाडून हत्या केली. निःशस्त्र, वृद्ध राष्ट्रपुरुषाचा असा वध हे घोर पाप होते आणि या विषयावरचे कोणतेही बोलणे त्या वाक्यापासूनच सुरू झाले पाहिजे. मारेकरी महाराष्ट्रातला आणि जातीने ब्राह्मण, ही वार्ता पसरली आणि पुढच्या काही दिवसांत पुणे, मुंबई, सातारा, सांगली, मिरज, कोल्हापूर आणि त्यांच्या भोवतालच्या खेड्यापाड्यांत ब्राह्मणांच्या घरांवर जमाव चालून गेले. वाडे पेटले, दुकाने लुटली गेली, काही ठिकाणी माणसेही मारली गेली. मुंबईत दादरला स्वातंत्र्यवीर सावरकरांचे धाकटे बंधू डॉ. नारायणराव सावरकर दगडफेकीत गंभीर जखमी झाले. १९ ऑक्टोबर १९४९ रोजी त्यांचे निधन झाले. कोल्हापुरात भालजी पेंढारकरांचा जयप्रभा स्टुडिओ जळाला. ज्यांनी गोडसेचे नाव पूर्वी कधी ऐकलेही नव्हते, अशा भिक्षुकांची, शिक्षकांची, कुलकर्ण्यांची घरे केवळ जन्माच्या दाखल्यावर दोषी ठरली.

या आगीचे सरपण आधीच साचलेले होते, हेही नाकारण्यात अर्थ नाही. १८९९च्या वेदोक्त प्रकरणापासून कोल्हापूर संस्थानातले समाजमन दुभंगले होते. सावकारी होती, जमिनीच्या मालकीतली विषमता होती, जन्मसिद्ध श्रेष्ठत्वाचा अहंकार होता. ही कारणे समजून घेणे म्हणजे जाळपोळीचे समर्थन नव्हे. पण ती वगळून अठ्ठेचाळीस सांगितले, तर ते अर्धेच सांगितले जाते, आणि अर्धे सत्य पुढच्या पिढीच्या हाती देणे हीही एक प्रकारची फसवणूकच आहे.

या सालाच्या मौनाचे रहस्य कशात आहे? रा. स्व. संघाशी संबंधित कुटुंबांचा अनुभव याचे उत्तर देतो. ४ फेब्रुवारी १९४८ रोजी संघावर बंदी आली, त्या वर्षाच्या डिसेंबरात सत्याग्रह झाला, जुलै १९४९मध्ये बंदी उठली. त्या सत्याग्रहाच्या, तुरुंगाच्या, तिथल्या पाण्यासारख्या आमटीच्या गोष्टी अशा घरांतल्या मुलांनी शेकडो वेळा ऐकल्या आहेत. त्याच घरातला, त्याच वर्षी जळालेला वाडा मात्र गोष्टीत येत नाही. साल एक, घर एक, सांगणारा एक. तरी एक आठवण खणखणीत आणि दुसरी मुकी.

पंचाहत्तरचेही तसेच. २६ जून १९७५ च्या पहाटेपासून मार्च १९७७ पर्यंत चाललेल्या आणीबाणीत अनेक घरांतला कर्ता पुरुष ‘मिसा’खाली स्थानबद्ध झाला. त्या एकवीस महिन्यांवर पुस्तके निघाली, मेळावे झाले. महाराष्ट्र शासनाने २०१८मध्ये आणीबाणीतील बंदींसाठी सन्मान मानधन सुरू केले, २०२०मध्ये ते बंद झाले आणि २०२२मध्ये पुन्हा सुरू झाले. म्हणजे ही स्मृती केवळ घरात राहिली नाही, शासनाच्या निर्णयांतही नोंदली गेली. इथेही सारे सांगितले गेले असे नाही. तुरुंगातल्या पुरुषाची कथा झाली. त्याच्यामागे घर चालवणाऱ्या, किराणा उधारीवर आणणाऱ्या, मुलांच्या फीसाठी पाटल्या मोडणाऱ्या आणि ओळखीच्या माणसांनी रस्त्यात तोंड फिरवलेले निमूट पाहणाऱ्या स्त्रीची कथा बहुधा राहूनच गेली. तरीही पंचाहत्तर हे ताठ मानेने सांगण्याचे साल आहे.

दोहोंतला भेद स्पष्ट आहे. पंचाहत्तरला अन्याय करणारी सत्ता होती. ती दूर होती, तिला चेहरा नव्हता आणि पुढच्याच निवडणुकीत ती पराभूतही झाली. अठ्ठेचाळीसला दारात उभा असलेला माणूस पुष्कळदा ओळखीचा होता. त्याच्या बैलगाडीतून घरचे धान्य आले होते, त्याच्या मुलीच्या लग्नाचा मुहूर्त याच घरातून काढून दिला होता. सरकारविरुद्धची तक्रार मोठ्याने सांगता येते. शेजाऱ्याविरुद्धची तक्रार सांगितली, तर दुसऱ्या दिवशी त्याच विहिरीवर पाणी कसे भरायचे? म्हणून ज्यांना गावातच राहायचे होते ते गप्प बसले. ज्यांनी गाव सोडून पुण्या-मुंबईची वाट धरली, तेही गप्प बसले. कारण ज्या हत्येने देश हळहळला, तिच्या नावाशी आपले नाव जोडले जाईल, ही धास्ती त्यांच्या मनात होती. आपले दुःख उच्चारणे म्हणजे गांधीजींच्या दुःखाला उणे लेखणे, असे त्यांना वाटत राहिले.

मौन केवळ एका बाजूला होते, असेही नाही. ज्या घरातला कोणी त्या जमावात होता, त्या घरातही अठ्ठेचाळीस सांगितले जात नाही. आजोबा त्या रात्री कुठे होते, हे तिथेही नातवाला ठाऊक नसते. आणि ज्या घराने आपला जीव धोक्यात घालून शेजारच्या बायकामुलांना कणगीआड लपवले, जमावाला दारातून परत धाडले, त्या घराने तर ‘त्यात काय सांगायचे’ म्हणून ती गोष्ट मनातच ठेवली. जाळणारा, जळणारा आणि वाचवणारा, असे तिघेही मुके. अशा रीतीने एकाच गावातली तीन घरे एकच रात्र तीन प्रकारे विसरण्याचा प्रयत्न करीत पंचाहत्तरहून अधिक वर्षे शेजारी शेजारी नांदली.

मौनाने त्या पिढीला जगवले, हे कबूल केले पाहिजे. पण जी गोष्ट पहिल्या पिढीने गिळली, ती दुसऱ्या पिढीला तुकड्यांत मिळते. ‘आपला वाडा होता’ एवढे कळते. तो का नाही, हे कळत नाही. दिवाळीला गावी जाण्याचा विषय निघाला, की आजी उठून आत जाते, एवढे दिसते. आणि तिसरी पिढी, जिने ना वाडा पाहिला ना आजीचे उठून जाणे, तिच्यापर्यंत अठ्ठेचाळीस पोहोचते ते मोबाइलवर फिरणाऱ्या निनावी संदेशांतून. त्यात आकडे वाढत जातात, द्वेष वाढत जातो आणि क्वचित हत्येचे मंडनही डोकावते. ज्याने खरे भोगले त्याच्या तोंडी कधी न आलेली भाषा त्याच्या पणतवाच्या तोंडी येते. सांगण्याची जागा रिकामी राहिली, म्हणूनच ती कोणाही अनोळखी माणसाला बळकावता आली.

स्मृतीचा दुसरा खेळ याहून सूक्ष्म आहे. काळाच्या ओघात ती दोन घटनांची एक घटना करून टाकते. ‘अठ्ठेचाळीसला घर गेले, जमीन गेली’, असे अनेक घरांत सांगितले जाते. वास्तविक घर जळाले ते १९४८च्या फेब्रुवारीत. जमीन गेली ती कुळकायद्याने, बहुतेक ठिकाणी १९५७ नंतर, नोंदी तपासून आणि न्यायाधिकरणाने ठरवलेली किंमत हप्त्याहप्त्याने चुकती होऊन. मालक परगावी गेला नसता, तरीही कसणाऱ्याचा हक्क कायद्याने मान्य झालाच असता. एक गुन्हा होता, दुसरी सुधारणा. एकाच्या घरात जे साल सूर्यास्ताचे, तेच साल दुसऱ्याच्या घरात सूर्योदयाचे होते. ही दोन साले एकत्र सांधली, की पिढीजात घाम गाळून, किंमत मोजून जमीन मिळवलेला शेतकरी उगाचच लुटारू ठरतो आणि त्याच्या नातवाशी बोलण्याचा मार्ग बंद होतो. घरातली सनावळी तपासून पाहण्याची गरज आहे ती यासाठीच.

हे दुःख द्वेषावाचून सांगता येते, याची उदाहरणे महाराष्ट्रात आहेत. व्यंकटेश माडगूळकरांची ‘वावटळ’ ही कादंबरी १९६४ साली प्रसिद्ध झाली. जळालेल्या गावाकडे निघालेल्या तरुणांची ती कथा आहे, आणि तरीही तीत जातीविषयीचा विखार शोधून सापडत नाही. भालजी पेंढारकरांची गोष्ट तर आणखी बोलकी. स्टुडिओ भस्मसात झाल्यावर त्यांनी कर्ज काढून तो पुन्हा उभा केला, ‘मीठ भाकर’ पुन्हा चित्रित केला आणि पुढची अनेक वर्षे त्याच कोल्हापुरात, त्याच माणसांबरोबर काम केले. ‘साधी माणसं’ (१९६५), ‘तांबडी माती’ (१९६९) या त्यांच्या चित्रपटांचे नायक याच मातीतले लोहार आणि शेतकरी आहेत. ज्या गावाने जाळले, त्या गावाचे गाणे त्यांनी गाइले. चित्रपटसृष्टीतला सर्वोच्च असा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. पण त्यांच्या त्या मोठेपणाची ओळख आज किती घरांत करून दिली जाते?

देशानेही आपल्या जखमांकडे पाहायला विलंबानेच सुरुवात केली. गांधीहत्येच्या चौकशीसाठी १९६६मध्ये नेमलेल्या कपूर आयोगाचा विषय कट आणि त्याच्या पूर्वसूचना हा होता, जळितांचा नव्हता. ३१ ऑक्टोबर १९८४ला इंदिरा गांधींची हत्या झाली आणि दोघा मारेकऱ्यांच्या अपराधासाठी दिल्लीत निरपराध शिखांचे शिरकाण झाले. न्याय अपुराच राहिला, पण आयोग बसले, साक्षी झाल्या आणि ऑगस्ट २००५मध्ये पंतप्रधान डॉ. मनमोहन सिंग यांनी संसदेत क्षमायाचना केली. फाळणीत पोळलेल्या पंजाबी आणि सिंधी घरांनीही दोन पिढ्या तोंड उघडले नव्हते. नातवंडांनी विचारले तेव्हा आजी-आजोबा बोलू लागले. २०१७मध्ये अमृतसरला फाळणीचे संग्रहालय उभे राहिले आणि २०२१पासून १४ ऑगस्ट हा विभाजन विभीषिका स्मृतिदिन म्हणून पाळला जाऊ लागला. सांगितल्याने जखम चिघळते, ही समजूत खरी नाही. ती चिघळते अर्धवट सांगितल्याने.

आजऱ्याच्याच एका सुपुत्राची साहित्यकृती याबाबतीत मार्गदर्शक ठरावी. शिवाजी सावंत यांचा जन्म १९४०चा, आजऱ्यातला. त्यांची ‘मृत्युंजय’ १९६७मध्ये आली आणि मराठी घराघरांत पोहोचली. तिच्यात कर्णाचे आयुष्य एकटा कर्ण सांगत नाही. कुंती सांगते, दुर्योधन सांगतो, वृषाली, शोण आणि श्रीकृष्ण सांगतात. एकच जीवन अनेक मुखांनी ऐकल्याशिवाय पुरे कळत नाही, ही त्या रचनेमागची जाण आहे. आणि कर्णकथेचे मर्म तरी काय? एका मातेने धरलेले मौन. ते भयापोटी होते, लोकलाजेपोटी होते, समजण्यासारखेही होते. पण कुंतीने पांडवांपाशी तोंड उघडले ते युद्ध संपल्यावर, तिलांजलीच्या वेळी. तोवर भावाने भावाला मारले होते.

अठ्ठेचाळीस साली दहा वर्षांचे असलेले मूल आज नव्वदीच्या घरात आहे. साक्षीदारांची ही शेवटची रांग आहे. म्हणून नातवंडांनी आता विचारले पाहिजे, आणि केवळ ‘काय झाले’ एवढेच विचारून थांबू नये. त्या रात्री दार कोणी ठोठावले, आसरा कोणी दिला, सकाळी भाकरी कोणी आणून दिली, परत गेल्यावर पहिल्यांदा कोण भेटायला आले आणि कोण आले नाही, हे विचारावे. जे सांगितले जाईल ते त्यांच्याच शब्दांत, तारखेसह लिहून ठेवावे. सुरुवात ३० जानेवारीच्या पापापासून करावी. घराचे साल आणि जमिनीचे साल वेगळे ठेवावे. ऐकीव आकडा लिहू नये, पाहिलेले लिहावे. वाचवणाऱ्याचे नाव संपूर्ण लिहावे आणि शक्य असल्यास त्याच्या घरी जाऊन ते वाचून दाखवावे. जाळणाऱ्याच्या नातवाकडे मात्र बोट दाखवू नये. एकाच्या अपराधासाठी त्याच्या जातीला शिक्षा, हाच तर अठ्ठेचाळीसचा अन्याय होता. त्याचे माप उलटे करून वापरले, तर आजोबांचे भोगणे व्यर्थ गेले म्हणायचे.

जातीजातींत विभागलेला समाज एकरस व्हावा, असे ज्यांना मनापासून वाटते, त्यांच्यावर ही जबाबदारी अधिक आहे. समरसता केवळ सहभोजनाने येत नाही. परस्परांच्या घरातली साले ठाऊक असावी लागतात. सत्तावन्नचा आनंद जुन्या मालकाच्या नातवाला कळला पाहिजे, ब्याऐंशीची उपासमार नोकरदाराच्या मुलाला कळली पाहिजे आणि अठ्ठेचाळीसची रात्र साऱ्या गावाला.

कापशीच्या घोरपड्यांनी एका परक्या मुलाला आसरा दिला, त्याची आठवण तीनशे वर्षांनंतरही एका घराण्याच्या आडनावात जिवंत आहे. अठ्ठेचाळीसच्या त्या रात्री या पंचक्रोशीत, या जिल्ह्यात, साऱ्या दक्षिण महाराष्ट्रात अशी कितीतरी दारे अर्धवट उघडली असतील आणि कोणाला तरी आत घेऊन पुन्हा बंद झाली असतील. त्या दारांची नावे अजून कोठेही लिहिली गेलेली नाहीत. ती सांगू शकणारे मोजके लोक आज माजघरात, ओसरीवर बसले आहेत. त्यांच्याशेजारी जाऊन बसण्याची हीच वेळ आहे.